वह्या-पुस्तकं घेऊन बसा

प्रिय सुहास,

शाळकरी मुलांच्या शिष्यवृत्ती स्पर्धा म्हणजे निव्वळ घोकंपट्टी, असं तू लिहिलंस. आजचे क्लासेस बघून मलाही तसंच वाटतं. पण या स्पर्धा सुरू झाल्या त्या फार वेगळ्या रीतीने, आणि ते तुला सांगितल्याशिवाय मला राहवत नाही.

हंगेरीचं बघ. भौतिकशास्त्रज्ञ लोरांड ओट्वोश शिक्षणमंत्री झाले, त्या निमित्ताने १८९४ साली तिथल्या गणित-भौतिकी मंडळाने नुकत्याच शाळा संपवलेल्या मुलांसाठी स्पर्धा सुरू केली. प्रश्न फक्त तीन. आणि हवी ती पुस्तकं, वह्या जवळ घेऊन बसायची मुभा! पाठांतराचा तिथे उपयोगच नव्हता. उत्तर पुस्तकात सापडणारं नसायचंच. तासन् तास एकाच प्रश्नाशी झुंजणारं पोर त्यांना हवं होतं. १८९८ साली तिथे पहिला आलेला थिओडोर फॉन कार्मान पुढे विमानविद्येतला केवढा मोठा माणूस झाला! हायड्रोजन बॉम्बशी ज्याचं नाव जोडलं जातं तो भौतिकशास्त्रज्ञ एडवर्ड टेलरही १९२५ च्या विजेत्यांपैकी.

अमेरिकेत १९४२ साली वेस्टिंगहाऊस या वीज-उपकरणांच्या कंपनीच्या पैशावर 'सायन्स टॅलेंट सर्च' ही शाळकरी मुलांची विज्ञानस्पर्धा सुरू झाली. चाळीस मुलांना वॉशिंग्टनला बोलावलं, आणि सर्वोच्च शिष्यवृत्ती एका मुलाला आणि एका मुलीला दिली. त्या काळात हे मला फार मोलाचं वाटतं. शेल्डन ग्लॅशो आणि रोआल्ड हॉफमन पुढे अशाच अंतिम फेरीत पोचले होते; पहिले आले नव्हते, तरी दोघांनाही नोबेल मिळालं. निकालाच्या यादीत नाव खाली आलं म्हणून रडणाऱ्या प्रत्येक पोराला हे सांगायला हवं.

आपल्याकडे १९६३ मध्ये एनसीईआरटीने, म्हणजे केंद्राच्या शैक्षणिक संशोधन परिषदेने, विज्ञान प्रतिभा शोध योजनेची दिल्लीत फक्त दहा शिष्यवृत्त्यांनी सुरुवात केली, पुढच्या वर्षी देशभर. तेव्हा लेखी परीक्षेबरोबर मुलाने स्वतः केलेल्या प्रकल्पाचा अहवाल द्यावा लागे, मुलाखत असे. १९७६ मध्ये सामाजिक शास्त्रंही आली, हे चांगलंच झालं. पण प्रकल्प गेला आणि दिलेल्या उत्तरांतून एक निवडायचे बहुपर्यायी प्रश्न आले. माझ्या मते घोकंपट्टीला दार तिथेच उघडलं. मार्च २०२१ नंतर तर योजनाच थांबवली, याचं मला मनापासून वाईट वाटतं.

तुमच्या शाळेची स्पर्धा ठरवताना एवढं कर. प्रश्न तीनच ठेव, पुस्तकं उघडी राहू देत. आणि सत्तरीतला एखादा जुना शिष्यवृत्तीधारक भेटला, तर त्याने प्रकल्प कशावर केला होता तेवढं विचारून मला कळव.

तुझा,
अविनाश