बेकरीतून पत्र

प्रिय आई-बाबा,

आई, तू दरवेळी विचारतेस ना, "तिथे दिवसभर करता तरी काय तुम्ही बायका", ते फोनवर धड सांगून होत नाही म्हणून लिहितेय.

पहाटे चारच्या आत आम्ही कामाला लागलेल्या असतो, तेव्हा कुणी फारसं बोलत नाही. 10 किलो मैद्याला साधारण 6 लिटर पाणी आणि 200 ग्रॅम मीठ, हे झालं कागदावरचं, पण मोठ्या काकू पाणी घेतात ते हवा बघून. उकाडा असला की गारच घ्यायचं, नाहीतर यीस्ट घाई करतं, पाव भराभर फुगतो आणि चव म्हणून काही राहत नाही. मग गोळा बोटाने हलकेच दाबायचा, खळगा पटकन भरला तर अजून थांबायचं, सावकाश भरत आला की ओव्हनला लावायचा. हल्ली काकू मलाच म्हणतात, "बघ गं, झालं का?" इतकं भारी वाटतं ना तेव्हा!

पीठ फुगत असतं तेवढाच काय तो निवांतपणा. त्यात एक ताई फोन खांद्यात धरून घरी मुलांना उठवते, हात पिठाचे असतात ना, दप्तर कुठेय, पाण्याची बाटली भरली का, सगळं तिथून. तेवढ्यात ट्रे निघतात. पाव उलटा करून टिचकी मारायची, पोकळ आवाज आला की झाला. लोकांना गरमच कापून हवा असतो, पण तसा कापला तर आतून चिकट लागतो म्हणून आम्ही थांबायलाच लावतो.

सगळ्यांच्या हातांवर ट्रेच्या कडेने भाजल्याचे डाग आहेत, 25 किलोची पोती आम्हीच दोघी दोघी उचलतो, आणि तरी लोक म्हणतात, बायकांना काय, स्वयंपाक येतोच की. मला याचा खरंच राग येतो. बाबा, तुम्हीपण नातेवाईकांना "ती सध्या एकीकडे मदत करते" असं सांगता, तसं नका ना सांगू. बेकरीत काम करते, पाव बनवते, असं सरळ सांगा.

आणि दम्याची काळजी करताय ते कळलं मला. पीठ श्वासात जाऊन होतो तो, खरंय, म्हणून आम्ही मास्क लावतो, पोतं हळू ओततो आणि कोरडा झाडू न मारता ओल्या फडक्याने पुसतो.

दुपारी मी झोपते, फोन पाचनंतर करा. आई, गुडघ्याचं डॉक्टरांना दाखव, पुढे ढकलू नकोस.

तुमची,
छकुली