‘अरोमॅटिक’ म्हणजे ‘सुगंधी’ नव्हे

मा. संपादक यांस,
स. न. वि. वि.

वृत्तपत्रांतील विज्ञानविषयक मजकुरात ‘अरोमॅटिक हायड्रोकार्बन’ (फक्त कार्बन आणि हायड्रोजन यांची बेंझीनसारखी संयुगे) या संज्ञेसाठी ‘सुगंधी हायड्रोकार्बन’ असा शब्द पुष्कळदा वाचायला मिळतो. रसायनशास्त्र शिकवण्यात माझी बरीच वर्षे गेली आहेत आणि त्या अनुभवावरून सांगते, की विषयाच्या अवघडपणापेक्षा या एका विशेषणानेच मुलांचा अधिक गोंधळ उडतो. परवाच शेजारच्या दहावीतल्या मुलीने विचारले, “काकू, बेंझीन सुगंधी आहे, तर मग पेट्रोलमधल्या बेंझीनला घातक का म्हणतात?” तिचा प्रश्न रास्त होता, चूक शब्दाची होती.

या कुळातली आधी ओळखली गेलेली बरीच संयुगे सुवासिक राळ आणि तेले यांतून मिळाली, म्हणून हे नाव पडले. आपण धुपाटण्यात घालतो तो ऊद त्यांपैकीच. अरबी व्यापारी त्याला ‘लुबान जावी’, म्हणजे जावाचा लोबान, म्हणत. युरोपात पोहोचेपर्यंत त्याचे ‘बेंझॉइन’ झाले, त्यातून निघालेल्या आम्लाला बेंझोइक आम्ल म्हणू लागले, आणि त्या आम्लापासून जर्मन रसायनशास्त्रज्ञ मित्शरलिख यांनी मिळवलेल्या द्रवाच्या, म्हणजे बेंझीनच्या, नावातही उदाची ही खूण टिकून राहिली. हाच द्रव मायकेल फॅरडे यांना १८२५ मध्ये, दिव्यांसाठी तेलापासून बनवलेल्या वायूच्या टाक्यांत साचलेल्या तेलकट अवशेषात सापडला होता. तिथे ना ऊद होता, ना सुगंध.

वास हा निकष किती फसवा आहे, हे घरातल्याच दोन पदार्थांवरून दिसते. देव्हाऱ्यातला कापूर आणि साड्यांच्या ट्रंकेतली डांबरगोळी शेजारी ठेवून पाहा. दोन्ही पांढरे, दोघांनाही उग्र वास, आणि दोन्ही कुठे ओल न सोडता झिजत जातात, कारण दोघांचेही संप्लवन होते, म्हणजे न वितळता थेट वाफ होते. तरीही कापूर अरोमॅटिक नाही. त्याच्या रेणूत बेंझीनचे, म्हणजे सहा कार्बन अणूंचे, खास वलय नाही. नॅफ्थलीनची डांबरगोळी मात्र अस्सल अरोमॅटिक हायड्रोकार्बन आहे, दोन वलये एका बाजूने जोडलेली. (हल्ली बाजारात मिळणाऱ्या काही गोळ्या पॅराडायक्लोरोबेंझीनच्या असतात, त्या अरोमॅटिक आहेत, पण क्लोरीनमुळे हायड्रोकार्बन नव्हेत.) ‘डांबरगोळी’ या आपल्या साध्या शब्दात तर नॅफ्थलीनचे मूळच सांगितले आहे, कारण ते दगडी कोळशाच्या डांबरातून काढले जाई.

मग अरोमॅटिक म्हणायचे कशाला? बेंझीनमध्ये सहा कार्बन आणि सहाच हायड्रोजन अणू असतात. हायड्रोजनची ही कमतरता पाहता ते अत्यंत असंतृप्त, म्हणजे दुहेरी बंधांनी भरलेले, असायला हवे आणि ब्रोमीन सामावून घेऊन ब्रोमीनच्या पाण्याचा तांबूस रंग त्याने क्षणात घालवायला हवा. प्रत्यक्षात मिश्रण हलवले तर रंग नाहीसा होत नाही. तो फक्त पाण्यातून वरच्या बेंझीनच्या थरात जातो. जर्मन रसायनशास्त्रज्ञ केकुले यांनी १८६५ मध्ये वलयाची कल्पना मांडली, परंतु वलयात एकाआड एक असे तीन दुहेरी बंध खरोखरच असते, तर बाजू लहानमोठ्या निघाल्या असत्या. कॅथलीन लॉन्सडेल यांनी १९२९ मध्ये हेक्झामिथिल बेंझीनच्या स्फटिकांचा क्ष-किरणांनी अभ्यास करून वलय सपाट असल्याचे आणि त्याच्या साऱ्या बाजू सारख्या असल्याचे दाखवले. बेंझीनमध्ये ही लांबी १.३९ अँगस्ट्रॉम (अणूंमधले अंतर मोजण्याचे एकक) भरते, म्हणजे एकेरी बंधाच्या १.५४ आणि दुहेरी बंधाच्या १.३४ यांच्या मधली. सहा इलेक्ट्रॉन कोणत्याही दोन अणूंत अडकून न पडता साऱ्या वलयावर पसरलेले असतात आणि त्यामुळे रेणूला दर मोलमागे सुमारे १५० किलोज्यूल इतके जास्तीचे स्थैर्य लाभते. हे स्थैर्य मोडू नये म्हणूनच बेंझीनची समावेशन अभिक्रिया, म्हणजे दुहेरी बंध मोडून नवे अणू सामावून घेणे, सहजी होत नाही. हायड्रोजन सोडून त्या जागी दुसरा गट घेणे, म्हणजे प्रतियोजन, त्याला सोयीचे पडते. अरोमॅटिकपणा तो हा, आणि तो नाकाला कळत नाही.

शब्दाचा हा आग्रह केवळ परीक्षेपुरता नाही. बेंझीनमुळे रक्ताचा कर्करोग होतो, म्हणूनच भारत स्टेज ६ मानकानुसार पेट्रोलमध्ये ते आकारमानाने १ टक्क्याहून जास्त चालत नाही. नॅफ्थलीनच्या गोळ्यांत ठेवलेली दुपटी तशीच बाळाला गुंडाळली, तर जी-६-पी-डी या विकराची (तांबड्या पेशींना जपणाऱ्या एन्झाइमची) जन्मजात कमतरता असलेल्या बाळाच्या तांबड्या पेशी फुटून त्याला गंभीर कावीळ होऊ शकते. अशा पदार्थांना ‘सुगंधी’ म्हणणे मला धोक्याचे वाटते.

तरी आपल्या विज्ञान पुरवणीत ही संज्ञा ‘अरोमॅटिक’ अशीच छापावी आणि लेखात ती प्रथम येईल तिथे ‘बेंझीनसारखे स्थिर वलय असलेले’ एवढा खुलासा जोडावा, ही विनंती.

आपली नम्र,
एक निवृत्त शिक्षिका, सांगली