नफरी विचारायला शिकवणाऱ्या सुभेदारसाहेबांस

आदरणीय सुभेदारसाहेब,

सादर नमस्कार.

आपल्या वाचनालयाच्या व्याख्यानमालेत लेफ्टनंट जनरल एस. पी. पी. थोरात यांच्याविषयी मी बोललो, त्याला आता महिना होत आला. व्याख्यान संपल्यावर मंडळी मला गाठून शाबासकी देत होती आणि तुम्ही नेहमीप्रमाणे दारापाशी आपल्या चपला शोधत होतात. त्या शाबासकीतला मोठा वाटा तुमचा आहे, हे मी तेव्हाच माइकवरून सांगायला हवे होते. ते राहून गेले. त्याची रुखरुख लागून राहिल्यामुळे हे पत्र लिहीत आहे, आणि ज्यांनी ते व्याख्यान ऐकले त्यांनाही वाचता यावे म्हणून उघडपणे लिहीत आहे.

माझा पहिला मसुदा तुम्ही ओसरीवर बसून शेवटपर्यंत ऐकलात, हेच तुमचे पहिले उपकार. त्या अकरा पानांत ‘रणझुंजार’, ‘कोल्हापूरच्या मातीतला वाघ’, ‘तळपती तलवार’ असे सगळे काही होते. शाळेत तीस वर्षे इतिहास शिकवल्यामुळे असे शब्द आमच्या लेखणीतून आपोआप गळतात. वाचून झाल्यावर तुम्ही एवढेच विचारलेत, “मास्तर, नफरी किती होती?” मला त्या शब्दाचा नेमका अर्थही सांगता आला नव्हता. मग तुम्ही समजावून दिलेत की पलटणीच्या कागदावर आठशे माणसे असतात, पण सुट्टीवर गेलेली, दवाखान्यात पडलेली, लंगरात राबणारी आणि सामानाच्या राखणीला ठेवलेली माणसे वजा केल्यावर सकाळच्या गणतीला हत्यार घेऊन जी प्रत्यक्ष उभी राहतात, ती खरी नफरी. साहेब किती मोठा होता हे पाहायचे असेल तर त्याने किती नफरीकडून काय मागितले ते पाहा, असे तुम्ही म्हणालात आणि चहा आणायला आत गेलात. ती अकरा पाने मी त्याच रात्री बाजूला ठेवली.

थोरातसाहेबांच्या सुरुवातीच्या आयुष्याबद्दल माझ्याजवळ फार काही नव्हते. १९०६ साली कोल्हापूरजवळच्या वडगावचा जन्म, इंग्लंडमधल्या सँडहर्स्टच्या लष्करी महाविद्यालयातले शिक्षण आणि १९२६ साली मिळालेले कमिशन, एवढे मी दोन ओळींत उरकले होते. तुम्ही तिथेच मला थांबवलेत. कोल्हापूरचा मराठा गडी पंजाब रेजिमेंटमध्ये कसा गेला, असा तुमचा प्रश्न होता आणि त्याचे उत्तर शोधताना मला तो काळ समजला. १९१८ पासून सँडहर्स्टमध्ये हिंदुस्थानी तरुणांसाठी वर्षाला फक्त दहा जागा होत्या. डेहराडूनची अकादमी सुरू व्हायला १९३२ उजाडले. सँडहर्स्टहून परतलेल्या हिंदुस्थानी अधिकाऱ्याला पहिले वर्ष गोऱ्या पलटणीत उमेदवारीवर काढावे लागे आणि त्यानंतर त्याला हिंदी पलटण मिळे. आपल्या जवानांची बोली न येणाऱ्या साहेबाला पलटण कधी आपला मानत नाही, हे तुम्ही स्वतःच्या नोकरीतले दाखले देऊन सांगितलेत आणि ते मी व्याख्यानात जसेच्या तसे वापरले. त्या वेळी तुमचे नाव घेतले नाही, त्याबद्दल माफी असावी.

खरे मार्गदर्शन मिळाले ते ब्रह्मदेशाच्या प्रकरणात. १९४५ च्या जानेवारीत आराकानच्या किनाऱ्यावर कांगॉ या ठिकाणी मागे हटणाऱ्या जपान्यांची वाट तोडायची होती. ५१ व्या ब्रिगेडच्या तिन्ही पलटणींचे कमान अधिकारी हिंदी होते. ८/१९ हैदराबादचे (म्हणजे १९ व्या हैदराबाद रेजिमेंटच्या आठव्या पलटणीचे) थिमय्या, १६/१० बलुचचे एल. पी. सेन आणि २/२ पंजाबचे थोरात. हिंदी अधिकाऱ्याला लढाईत पलटण सांभाळता येईल का, अशी शंका उघडपणे बोलून दाखवण्याचा तो काळ होता, त्यामुळे या तिघांची परीक्षा केवळ जपान्यांसमोर नव्हती. मी या लढाईचे वर्णन थेट टेकडीवरच्या संगिनीच्या हल्ल्यापासून सुरू केले होते. तुम्ही मला तिथून मागे, पाण्यात नेलेत. कांदळवनातून आत शिरणाऱ्या भरती-ओहोटीच्या खाड्या, त्यांतून होड्यांनी आत आणलेली माणसे, गुडघाभर चिखल, त्या चिखलातून डोक्यावरून वाहून न्यायचा दारूगोळा आणि पिण्याचे गोडे पाणी, हे सगळे उरकल्यावरच कुठे चढाई सुरू होते. ‘मेलरोझ’ असे सांकेतिक नाव दिलेली टेकडी थोरातांच्या पलटणीने २९ जानेवारीला हातघाईची लढाई करून जिंकली. त्या ब्रिगेडच्या इतर पलटणींनी त्याआधी तिच्यासाठी रक्त सांडले होते, हेही तुमच्या आग्रहामुळे मी नोंदवले. पुढे तिन्ही कमान अधिकाऱ्यांना डी.एस.ओ. हे ब्रिटिश लष्करी पदक मिळाले. पदक साहेबाच्या छातीवर लागते, पण त्याची किंमत पलटणीने मोजलेली असते, असे तुम्ही म्हणालात. त्यात कडवटपणा अजिबात नव्हता. तुम्ही ते हिशेबाची नोंद करावी तसे सांगितलेत, आणि म्हणूनच ते माझ्या लक्षात राहिले.

कोरियाबद्दल माझी समजूत अगदीच भाबडी होती. १९५३ साली युद्धबंदी झाल्यावर मायदेशी परतायला तयार नसलेल्या सुमारे साडेबावीस हजार चिनी आणि उत्तर कोरियाई कैद्यांची, तसेच संयुक्त राष्ट्रांच्या बाजूच्या तीनशे एकोणसाठ कैद्यांची राखण करण्याचे काम भारताच्या अभिरक्षक दलाकडे आले. थोरात, तेव्हाचे मेजर जनरल, त्या दलाचे प्रमुख होते आणि कैद्यांच्या प्रश्नासाठी नेमलेल्या पाच देशांच्या तटस्थ आयोगाचे अध्यक्ष पुन्हा थिमय्याच होते. दक्षिण कोरियाच्या सरकारने भारतीय सैनिकांना आपल्या भूमीवर पाऊल ठेवू द्यायचे नाही असे ठरवल्यामुळे आपल्या जवानांना बंदरातल्या जहाजावरून हेलिकॉप्टरने निर्लष्करी पट्ट्यात उतरवावे लागले. दोन्ही बाजूंचा अविश्वास, रोजच्या घोषणा, दगडफेक अशा वातावरणात सुमारे सहा हजार माणसांनी ही राखण करायची होती.

सप्टेंबरमध्ये कैद्यांनी आपल्या एका मेजरला कुंपणाच्या आत ओढून नेले, तेव्हा थोरात हत्यार न घेता, मोजके सहकारी बरोबर घेऊन आत गेले आणि कैद्यांशी बोलून त्याला सोडवून आणले. याच कामगिरीसाठी त्यांना अशोक चक्र, वर्ग दोन मिळाले, ज्याला १९६७ पासून कीर्ती चक्र म्हणतात. मी याला ‘सिंहाच्या गुहेत शिरणे’ म्हटले होते. तुम्ही मात्र विचारलेत की हत्यार का नेले नाही? मी धैर्यावर बोलू लागलो. तुम्ही हात वर करून मला थांबवलेत आणि सांगितलेत की शेकडो माणसांच्या गर्दीत शिरणाऱ्याच्या कमरेचे पिस्तूल हे त्या गर्दीचेच पिस्तूल असते. बाहेर नफरी थोडी, आत कैदी फार. एक गोळी सुटली असती तर आतला मेजर गेला असता, आजूबाजूचे तळ पेटले असते आणि युद्धबंदीही धोक्यात आली असती. म्हणजे ते धाडस तर होतेच, पण त्याखाली हिशेब पक्का होता. ऑक्टोबरच्या सुरुवातीला कुंपण तोडू पाहणाऱ्या कैद्यांवर आपल्या जवानांना गोळीबार करावा लागला आणि त्यात काही कैदी मेले, हा भाग मी गाळला होता. तो घालायला तुम्हीच लावलात. त्या दलाचे मोठेपण एकदाही गोळी झाडावी लागली नाही यात नव्हते, महिनोन्‌महिने गोळी टाळण्याचा प्रयत्न केला यात होते, हे मला तेव्हा कळले. १९५४ च्या फेब्रुवारीत दल परतले तेव्हा ज्यांना कुठल्याच कोरियात किंवा चीनमध्ये जायचे नव्हते असे अठ्ठ्याऐंशी कैदी त्यांच्याबरोबर भारतात आले.

आता त्या संध्याकाळबद्दल लिहितो, जिच्यासाठी मी तुमचा सर्वांत जास्त ऋणी आहे. १९५७ पासून १९६१ पर्यंत थोरात पूर्व विभागाचे प्रमुख होते आणि त्यांचे मुख्यालय लखनौला होते. १९५९ च्या ऑगस्टमध्ये लोंगजूच्या चौकीवर चिनी गोळीबार झाला आणि त्यानंतर नेफाच्या, म्हणजे आजच्या अरुणाचल प्रदेशाच्या, सीमेची जबाबदारी सैन्याकडे आली. त्याच वर्षी थोरातांनी नेफाच्या संरक्षणाचा आराखडा लिहून पाठवला. सीमारेषेवर फक्त खबर देणाऱ्या छोट्या चौक्या असाव्यात, शत्रूला रेंगाळत आत येऊ द्यावे आणि जिथे आपली रसद पोचते पण त्याची थकते अशा बोमडिला, झिरो, दापोरिजो, तेजू यांसारख्या ठिकाणांच्या रेषेवर खरी लढाई द्यावी, हे त्याचे सार होते. १९६० च्या मार्चमध्ये लखनौला ‘लाल किला’ नावाचा युद्धसराव घेऊन त्यांनी हे सगळे लष्करप्रमुख थिमय्या आणि इतर अधिकाऱ्यांपुढे मांडले. हाताशी असलेल्या बळावर नेफा राखता येणार नाही, हे त्यातून सरळ दिसत होते. संरक्षणमंत्री कृष्ण मेनन यांना ही भीती अवाजवी वाटली.

हे वाचताना मी म्हणालो होतो की सीमेपासून मागे हटून लढण्याची योजना जरा भित्रीच वाटते. तुम्ही रागावला नाहीत. आत जाऊन तुमचा जुना घड्यांचा नकाशा आणलात आणि पेन्सिलीने बोमडिलापासून से ला खिंडीपर्यंतची वाट दाखवलीत. १९८० च्या दशकात तुमची पलटण त्या भागात होती. मैदानातला गडी पाठीवर ओझे घेऊन १३,००० फुटांवर पोचतो तेव्हा पहिले काही दिवस त्याला बुटाची नाडी बांधतानाही धाप लागते, खाली पाऊस लागला की वरचे राशन थांबते, आणि चौकीवरच्या वीस माणसांपैकी दोघे तरी नेहमी आजारी असतात. एवढे सांगून तुम्ही म्हणालात, “आता बोला मास्तर, वीस जणांना तिथं मरेपर्यंत लढा म्हणायचं, की खाली दोन हजार जणांना घेऊन जिंकायचं?” थोरातांच्या आराखड्यावर मी त्याआधी तीन लेख वाचले होते, पण तो मला त्या पेन्सिलीच्या रेघेमुळे कळला.

१९६१ च्या मे महिन्यात थिमय्या आणि थोरात दोघेही निवृत्त झाले. थिमय्यांनी आपल्यामागे लष्करप्रमुख म्हणून थोरातांचे नाव सुचवले होते, पण पद जनरल पी. एन. थापरांकडे गेले. यावर मी ‘घोर अन्याय’ असा मथळा घातला होता आणि तो तुम्ही खोडायला लावलात, कारण थापर सेवाज्येष्ठतेने पुढे होते आणि पलटणीत ज्येष्ठतेला किंमत असते. मला अजूनही वाटते की तेव्हा थोरात हवे होते. या एका मुद्द्यावर आपले मत जुळलेले नाही, आणि ते तसेच राहू द्यावे. तुम्ही दाखवलेली दुसरी गोष्ट मात्र मला पुरती निरुत्तर करून गेली. थोरातांच्या जागी पूर्व विभागावर आले ते एल. पी. सेन, म्हणजे कांगॉच्या चिखलात शेजारच्या पलटणीचे नेतृत्व करणारे, तेच पदक मिळवलेले अधिकारी. तेव्हा १९६२ चा पराभव शूर आणि भेकड अशा वाटणीने समजत नाही. चौक्या पुढे ढकलण्याचे धोरण ठरले होते. २० ऑक्टोबरला सीमेवरच्या नाम का चू नदीच्या काठावर सुती गणवेशातली, मोजक्या गोळ्या जवळ असलेली माणसे उभी होती. नोव्हेंबरच्या तिसऱ्या आठवड्यात से ला आणि बोमडिला दोन्ही गेले. पडझड सुरू झाल्यावर पंडित नेहरूंनी आपल्याला दिल्लीला बोलावून तो आराखडा आपल्यापर्यंत का आला नाही असे विचारले, असे थोरातांनी आत्मचरित्रात लिहिले आहे. तो उतारा मी व्याख्यानात वाचत असताना तुम्ही मान खाली घातली होतीत. तुम्ही काय आठवत होतात, ते मी विचारले नाही.

थोरातसाहेब १९९२ साली गेले. त्यांना प्रत्यक्ष पाहण्याचा योग माझ्या वाट्याला आला नाही, पण त्यांच्या हुकुमाखालची माणसे त्यांच्याकडे कशा नजरेने पाहत असतील, याची कल्पना तुमच्या ओसरीवर आली. तुम्ही त्यांच्या हाताखाली कधीच नव्हता, तुमची भरती झाली तेव्हा ते केव्हाच निवृत्त झाले होते, तरी त्यांचा उल्लेख करताना तुम्ही दर वेळी ‘थोरातसाहेब’ म्हणालात आणि मला एकेरी ‘थोरात’ म्हणताना ऐकून दर वेळी किंचित अस्वस्थ झालात. या पत्रात मी दोन्ही केले आहे, समजून घ्यावे.

वहिनींनी पाच संध्याकाळी केलेल्या चहाचे आणि एकदा आग्रहाने वाढलेल्या झुणका-भाकरीचेही आभार. तुमचा नकाशा माझ्याकडेच राहिला आहे. घडीवर फाटला होता तिथे मागून पातळ कापड चिकटवून घेतले आहे. पेन्सिलीच्या रेघा पुसलेल्या नाहीत. रविवारी सकाळी तो घेऊन येतो. येताना इयत्ता नववीतला एक मुलगा बरोबर असेल. व्याख्यानानंतर त्याने मला विचारले होते की कांगॉला २/२ पंजाबची नफरी नेमकी किती होती, आणि मी त्याला तुमच्याकडे आणतो असे कबूल केले आहे.

आपला कृपाभिलाषी,
मास्तर