निळा फ्रॉक

प्रिय मित्रा,

उत्तराला उशीर झाला, रागावू नकोस. गेले तीन आठवडे मी आजोबांनी काढलेल्या रिळांत बुडाले आहे. तुला मागे म्हटलं होतं ना, यातून एक लहानशी फिल्म करायची आहे म्हणून? आता ती खरोखर आकाराला येते आहे.

डबा उघडला आणि व्हिनेगरसारखा आंबूस वास आला. पोटात गोळाच आला. फिल्मची पट्टी ॲसिटेट नावाच्या प्लॅस्टिकची असते, ती कुजायला लागली की ॲसिटिक आम्ल सुटतं. मग ते थांबत नाही, थंड जागी ठेवून फार तर लांबवता येतं. जुन्या प्रोजेक्टरवर चढवून बघायची फार इच्छा होती, पण आकसलेली पट्टी त्यात अडकून फाटते. म्हणून सरळ स्कॅन करायला दिली, एकेक फ्रेम करून. करंगळीच्या नखाहून लहान असते रे ती!

ही सुपर ८ ची, म्हणजे घरगुती चित्रीकरणासाठीच्या चिंचोळ्या फिल्मची रिळं आहेत. कोडॅकने १९६५ साली आणलेली. एका कार्ट्रिजमध्ये ५० फूट फिल्म, सेकंदाला १८ फ्रेम्स धरल्या तर जेमतेम ३ मिनिटं २० सेकंद. आमच्या रिळांना आवाजही नाही. आजोबांनी किती जपून बटण दाबलंय ते कळतं. सगळे शॉट चार-पाच सेकंदांचे, सगळ्यांत माणसं हसताहेत. आमच्या घरात कधी कुणी रडलंच नाही असं वाटावं.

एका शॉटमध्ये आत्या आहे, सहा-सात वर्षांची, गिरकी घेतेय. तिला दाखवला तर लगेच म्हणाली, "हा फ्रॉक निळा होता." पडद्यावर तो मळकट गुलाबी. मी म्हटलं, "आत्या, तुला दुसरा कुठला तरी आठवत असेल." ती गप्प झाली. घरात सगळ्यात धाकटी. "तुला काय आठवतंय, तू लहान होतीस" हे तिने जन्मभर ऐकलंय. त्या दिवशी मीही तेच ऐकवलं.

रात्री तो शॉट पुन्हा लावला. आकाशही गुलाबी होतं, पानं तांबूस. तेव्हा कुठे माझी ट्यूब पेटली. रंगीत फिल्ममध्ये सायन (हिरवट निळा), मॅजेंटा (गडद गुलाबी) आणि पिवळा असे तीन रंगांचे थर असतात. या रिळातला सायन उडून गेलाय. निळा बनतो सायन आणि मॅजेंटा मिळून. सायन गेला की उरतो गुलाबी. म्हणजे विसरली होती ती फिल्म, आत्या नव्हे! दुसरं एक रीळ कोडॅक्रोम या कोडॅकच्याच रंगीत फिल्मचं आहे, त्याचे रंग अजून टवटवीत आहेत, म्हणून मी या रिळावरही डोळे झाकून विश्वास ठेवला.

सकाळीच आत्याला फोन करून माफी मागितली. रंग दुरुस्त करणारा म्हणाला, फ्रॉक निळा करून देतो. मी नको म्हटलं. तो निळा त्याने अंदाजाने भरलेला असणार. आत्याचा निळा तिच्या बोलण्यातच राहू दे. सत्तरच्या दशकात बेल्जियन दिग्दर्शिका शांताल आकरमानने तिच्या एका फिल्ममध्ये न्यूयॉर्कच्या रस्त्यांच्या दृश्यांवर आईची पत्रं स्वतः वाचली होती. दिसणारं एक आणि ऐकू येणारं दुसरं, यांमधली ती जागा मला फार जवळची वाटते.

मग आत्याचा आवाज रेकॉर्ड केला. तिच्यासमोर शॉट पुन्हापुन्हा चालू ठेवला होता. फ्रॉक कुणी शिवला, खिसा कुठे होता, सगळं सांगत गेली. आणि मग म्हणाली, "बाबांनी तीनदा गिरकी घ्यायला लावली. तिसऱ्यांदा मी पडले आणि खूप रडले." रिळात दोनच गिरक्या आहेत. तिसरी सुरू होते, तिचा एक पाय उचललेला दिसतो, आणि शॉट संपतो.

तिथून पुढे मी पडदा काळा ठेवला आहे, तिचं बोलणं संपेपर्यंत. अकरा सेकंद. सोबत लिंक पाठवते आहे. अंधार फार लांबतोय का, ते बघून मला खरंखरं सांग.

तुझी मैत्रीण