बोजा उतरवायचा म्हणजे काय काय करायचं

प्रिय दिनू,

गृहकर्जाचा शेवटचा हप्ता गेला, अभिनंदन! पण पेढे जरा थांबव. बँकेत खातं शून्य झालं तरी तुझ्या कोरेगावच्या घराच्या सातबाऱ्यावर, इतर हक्काच्या रकान्यात, बँकेचं नाव अजून बसलेलंच आहे. हाच बोजा, म्हणजे घरावर कर्ज असल्याची नोंद. ते आपोआप उठेल या भरवशावर राहू नकोस.

आधी खातं खरंच बंद झालंय का ते बघ. शेवटच्या हप्त्यानंतर चार दिवसांचं व्याज किंवा विम्याचा एखादा आकार मागे राहतो, आणि तेवढ्या शंभर-दोनशे रुपयांसाठी खातं उघडंच राहतं. शाखेतून खातेउतारा आणि खातं बंद केल्याचं पत्र घे. हप्ता कापायचं मँडेट त्याच दिवशी रद्द करून टाक.

आता कागद. रिझर्व्ह बँकेचा सप्टेंबर २०२३ चा आदेश आहे: कर्ज पूर्ण फिटल्यापासून ३० दिवसांत मूळ कागदपत्रं परत द्यायची आणि नोंदलेला बोजाही काढायचा. उशीर बँकेमुळे झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई. १ डिसेंबर २०२३ पासून हे लागू आहे, सहकारी बँका आणि हाउसिंग फायनान्स कंपन्यांनाही. कागद गहाळ झाले असतील तर नकला काढून द्यायला बँकेनेच मदत करायची, खर्चही तिचाच. त्यासाठी तिला आणखी ३० दिवस मिळतात. म्हणून अर्ज लेखी दे आणि पोच घे. तोंडी बोलण्यावर दिवस मोजता येत नाहीत.

कागद ताब्यात घेताना घाई नको. कर्ज घेताना दिलेल्या कागदांची यादी बरोबर ने. खरेदीखताची पानं एकेक उलटून मोज, सूची क्रमांक दोन (नोंदणी झालेल्या दस्ताचा गोषवारा) आणि नोंदणीची पावती आहे का बघ, आगाऊ सह्या करून दिलेले कोरे चेक परत माग. "सर्व कागद मिळाले" या ओळीखाली सही त्यानंतर. वहिनी सहकर्जदार आहेत ना? त्यांनाही घेऊन जा, नाहीतर सहीसाठी दुसरी फेरी पडेल.

सगळ्यात जास्त अडतं ते सातबाऱ्यावर. बँकेचं पत्र नुसतं "कर्ज फिटले" असं असेल तर गावात ते अपुरं ठरतं. त्यात गट नंबर, बोजाची रक्कम, बोजा चढवलेल्या फेरफाराचा (सातबाऱ्यातल्या बदलाच्या नोंदीचा) क्रमांक आणि "बोजा कमी करण्यास हरकत नाही" हे वाक्य, एवढं हवंच. तुझ्या उताऱ्यावर अजून देना बँक लिहिलंय. ती १ एप्रिल २०१९ ला बँक ऑफ बडोदात विलीन झाली, तेव्हा पत्रात दोन्ही नावं आणि विलीनीकरणाचा उल्लेख मागून घे. नाहीतर "ही बँक वेगळी दिसते" म्हणून अर्ज परत येईल, आणि त्यात तलाठ्याचीही चूक म्हणता येणार नाही.

अर्ज तलाठ्याकडे (आता त्यांना ग्राम महसूल अधिकारी म्हणायचं) किंवा घरबसल्या ई-हक्क प्रणालीवर, "बोजा कमी करणे" निवडून. फेरफार धरला जातो, नोटिशीचे १५ दिवस जातात, मग मंडळ अधिकारी नोंद प्रमाणित करतात. तोवर उताऱ्यावर "प्रलंबित फेरफार" दिसेल, घाबरू नकोस. प्रमाणित झाल्यावर डिजिटल सहीचा नवा उतारा काढ: बँकेच्या नोंदीवर आडवी रेष असायला हवी. पूर्वी अशा नोंदीला कंस करायचे, २०२० च्या नव्या नमुन्यापासून रेष मारतात. रेष नसेल तर काम झालेलं नाही, कुणी काहीही सांगो.

सेरसाई ही गहाण मालमत्तांची केंद्रीय नोंदवही वेगळी. तिथला बोजा बँकच काढते, तुला फक्त पाठपुरावा करायचाय. नोंद मिटवल्याचा अहवाल शाखेकडून माग, किंवा थोडं शुल्क भरून स्वतः शोध घे. तू मधे कर्ज दुसऱ्या बँकेकडे वळवलं असशील तर पहिल्या बँकेची नोंदही तपास. ती विसरायची आणि घर विकायला काढल्यावर समोरच्याच्या वकिलाने शोधून काढायची, हे नेहमीचं आहे. साधं कागद ठेवून केलेलं गहाण न करता गहाणखत रजिस्टर केलं असेल, तर मुक्तीचा दस्तही दुय्यम निबंधकाकडे रजिस्टर करावा लागतो.

घराच्या विम्यावर बँकेचं नाव असेल तर तेही कमी करून घे. महिनाभराने क्रेडिट रिपोर्ट काढ, खातं "बंद" दिसायला हवं. चालू दिसलं तर तक्रार कर. तक्रारीनंतर ३० दिवसांत दुरुस्ती नाही झाली तर दिवसाला १०० रुपये मिळतात.

बँकेने लेखी तक्रारीला ३० दिवसांत उत्तर दिलं नाही तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे जा. हाउसिंग फायनान्स कंपनी असती तर मात्र राष्ट्रीय आवास बँकेकडे जावं लागलं असतं.

नवा उतारा हातात आला की मला फोटो पाठव, रेष नीट पडलीय का बघतो.

तुझा,
अनिल