नव्ह शापेलला जाऊन ये

चि. सायली हिस अनेक उत्तम आशीर्वाद.

परवा फोनवर म्हणालीस, लील सोडायचे दिवस जवळ आले आणि आसपासचं सगळं बघून झालं. इथलंच, उत्तर फ्रान्समधलं एक गाव राहिलंय. नव्ह शापेल. आम्ही तुझ्याकडे आलो होतो तेव्हा तू परीक्षेत गुंतलेली, म्हणून बाबा आणि मी दोघंच जाऊन आलो. तुला मी ते धड सांगितलंच नाही.

गाव अगदी लहान. सपाट रान, बीट, बटाटे, गहू, आणि रस्त्याच्या कडेने पाणी वाहून नेणारे चर. ही जमीन फार ओली. दोन-तीन फूट खणलं की पाणी लागतं, म्हणून युद्धात खंदक खोल खणता येईनात, मातीच्या पोत्यांच्या भिंती वर रचाव्या लागल्या. घरं सगळी विटांची आणि एकाच वयाची वाटतात. तशी ती आहेतच, कारण पहिल्या महायुद्धात या गावाची एक भिंत धड उरली नव्हती. आज जे दिसतं ते नंतर पुन्हा उभारलेलं.

आता आपल्या खडकीचं सांगते. ज्यांच्या सेंटरच्या फाटकावरून तू शाळेत जायचीस, त्या बॉम्बे सॅपर्सच्या, म्हणजे लष्करातल्या बांधकाम करणाऱ्या जवानांच्या, दोन कंपन्या, विसावी आणि एकविसावी, २८ ऑक्टोबर १९१४ रोजी या गावात शिरल्या. पूल बांधणं, रस्ते करणं, सुरुंग लावणं हे त्यांचं काम. पण गाव जर्मनांनी घेतलं होतं आणि माणसं कमी पडत होती, तेव्हा ४७व्या शीख पलटणीबरोबर त्यांनाही पायदळासारखं पुढे पाठवलं. घराघरांतून, संगिनींनी लढाई झाली. गाव हाती आलंही, पण टिकवता आलं नाही. दोन्ही कंपन्यांचा एकही इंग्रज अधिकारी धडधाकट परतला नाही. सॅपर्समध्ये मराठे होते, शीख होते, मुसलमान होते. महिन्याभरापूर्वी मार्सेयच्या बंदरात उतरलेली ही माणसं, त्यातली कित्येक अजून सुती कपड्यांत. उत्तर फ्रान्समधला ऑक्टोबर तू अनुभवला आहेस, तुला वेगळं सांगायला नको.

गाव परत घेतलं ते १० मार्च १९१५ला. सकाळी साडेसातला तोफा सुरू झाल्या, पस्तीस मिनिटं चालल्या, आणि दुपारच्या आत गाव हातात आलं. पुढे मात्र पाऊल सरकेना. तीन दिवसांत ब्रिटिश आणि भारतीय मिळून अकरा हजारांहून अधिक माणसं मेली किंवा जखमी झाली, त्यात आपली चार हजारांवर. गढवालचा गबरसिंग नेगी पहिल्याच दिवशी पडला. त्याला मरणोत्तर व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला, पण कबर नाही.

कबर नाही अशा ४,७००हून अधिक भारतीयांची नावं तिथल्या स्मारकाच्या भिंतीवर आहेत. गावाबाहेर, चौकाजवळ ते आहे. हर्बर्ट बेकर या वास्तुविशारदाने बांधलं, ७ ऑक्टोबर १९२७ला उघडलं. गोल आवार, एका बाजूला दगडी जाळी, सांचीचा कठडा आठवावा अशी. मधे कमळ माथ्यावर घेतलेला उंच खांब आणि त्याच्या दोन बाजूंना दोन वाघ. मला वाघांपेक्षा भिंतीनेच थांबवलं. नावं पलटणीप्रमाणे लावली आहेत, म्हणून सॅपर्स शोधायला वेळ लागत नाही. रोमन अक्षरांत आपली मराठी नावं. बाबा एकेक मोठ्याने वाचत गेले, मीही वाचली. त्यांच्या घरच्या कुणाला तिथवर जाता आलं असेल का, या विचाराने मला फार भरून आलं. तू तर तिथून इतक्या जवळ राहतेस.

जवळच पोर्तुगीज सैनिकांचं दफनस्थान आहे, १,८३१ कबरी. तिथेही थांब. आपल्या माणसांनंतर १९१८च्या एप्रिलमध्ये याच रानात त्यांचा चुराडा झाला. गावच्या पडझडीत पाय तुटलेला एक ख्रिस्ताचा पुतळा उभा राहिला होता. तो १९५८मध्ये पोर्तुगालला दिला, आता बाताल्याच्या मठात त्यांच्या अज्ञात सैनिकाच्या कबरीपाशी आहे. एवढ्याशा गावाने जवळची वस्तू परक्यांच्या दुःखासाठी देऊन टाकली, हे मला फार मोठं वाटतं.

लीलहून बेतूनच्या गाडीने ला बासेला उतर. पुढे तास-सव्वा तास चालायचं. आधी गावातून जा, चर्चभोवती फिर, मग स्मारकाकडे. उलट केलंस तर नुसती भिंत बघून परतशील, आणि ती माणसं कुठल्या वाटांवर, कुठल्या चिखलात पडली ते कळणार नाही. शेतात मात्र उतरू नकोस. नांगरताना अजून जुने गोळे निघतात, शेतकरी कडेला ठेवतात आणि सरकारी पथक येऊन नेतं. गंजलेलं लोखंड दिसलं तर हात लावायचा नाही. जाड मोजे घाल, डबा बरोबर ने, आणि सॅपर्सच्या नावांचे फोटो स्पष्ट काढून बाबांना पाठव. त्यांना ती वहीत उतरवून घ्यायची आहेत.

तुझी,
आई