अंकल, कुत्रा शेवटी चावला

प्रिय अंकल,

फोनवर तुम्हाला धड ऐकू येत नाही आणि गावाहून तुम्ही दिवाळीशिवाय परतणार नाही, म्हणून हे जाहीर पत्र. तुमची नात वाचून दाखवेल. तिला सांगा, सावकाश वाच, आणि मी तुमची नक्कल केलीय तिथे हसू नकोस.

कार्यक्रम झाला. आमच्या श्रवणमंडळात बत्तीस माणसं होती, त्यातली निम्मी चहासाठी आलेली. किशोरीताई आणि कुमारजी सोडून यंदा काहीतरी वेगळं ऐकवीन, अशी बढाई मीच मारली होती. मग अमेरिकन जॅझ सॅक्सोफोनवादक जॉन कोल्ट्रेनची 'माय फेव्हरिट थिंग्ज' ही रेकॉर्ड घेऊन बसले आणि पुरती अडकले. आयुष्यभर वाजवत आलेले शेजारी म्हणून तुमच्या दारावरची बेल वाजवली ती तेव्हा.

माझ्या टिपणाचं पहिलंच वाक्य तुम्ही लाल पेन्सिलीने खोडलंत, आठवतं? मी लिहिलं होतं, 'ज्यूली अँड्र्यूजच्या सिनेमातलं गाणं कोल्ट्रेनने उचललं.' तुम्ही म्हणालात, "बाय, सिनेमा १९६५चा. रेकॉर्ड १९६१ची. उचलला कसा?" ही चूक पन्नास लोकांसमोर... बरं, बत्तीस लोकांसमोर झाली असती.

मग तुम्ही मला रेकॉर्डला हातच लावू दिला नाहीत. आधी गाणं, म्हणालात. दोन गुरुवार नुसतं नाटकातलं गाणं. 'द साउंड ऑफ म्युझिक' हे संगीत नाटक न्यूयॉर्कच्या ब्रॉडवे रंगभूमीवर आलं नोव्हेंबर १९५९मध्ये. चाल रिचर्ड रॉजर्सची, शब्द ऑस्कर हॅमरस्टाइनचे, मारियाच्या भूमिकेत मेरी मार्टिन. रंगमंचावर हे गाणं मारिया आणि मठाची मुख्य जोगीण गातात, मठात बसून. वादळाला घाबरलेली मुलं पलंगावर चढतात तो प्रसंग या गाण्याला सिनेमाने दिला. माझ्या डोक्यात तोच एक पलंग होता!

आणि गाण्याची घडण. आवडत्या वस्तूंची यादी दोनदा मायनरमध्ये, म्हणजे जरा उदास सुरांत, तिसऱ्यांदा मेजरमध्ये, म्हणजे उजळ सुरांत. मग शेवटचा तुकडा: कुत्रा चावला, मधमाशी डसली, मन खट्टू झालं की या वस्तू आठवायच्या, मग तेवढं वाईट वाटत नाही. मला हे सगळं फार बाळबोध वाटलं होतं, आणि मी तसं म्हटलंही. तुम्ही नुसते टेबलावर बोटांनी एक-दोन-तीन, एक-दोन-तीन धरत राहिलात. मी म्हटलं, दादरा. तुम्ही म्हणालात, "दादरा म्हण, पण डुलू नको."

तिसऱ्या गुरुवारी रेकॉर्ड. २१ ऑक्टोबर १९६०, न्यूयॉर्क. हॅमरस्टाइनला जाऊन दोन महिनेही झाले नव्हते. हे त्याने कधी ऐकलंच नाही, हे तुम्ही इतक्या सहज सांगितलंत की मीच गप्प झाले. पियानोवर मॅकॉय टायनर, बासवर स्टीव्ह डेव्हिस, ड्रम्सवर एल्विन जोन्स. आणि एरवी खालच्या पट्टीचा टेनर वाजवणाऱ्या कोल्ट्रेनच्या हातात वरच्या पट्टीचा सोप्रानो सॅक्सोफोन. मी "सनई!" म्हणून ओरडले. तुम्ही हात वर केलात. पुढे मी "अगदी आपल्या रागासारखं" म्हणाले, तेव्हा तर सुईच उचललीत. "राग नाही. आयक." मी चिडले होते, आज कबूल करते. कोल्ट्रेन रविशंकरांच्या रेकॉर्ड्स ऐकायचा, १९६५ साली झालेल्या मुलाचं नाव त्याने रवी ठेवलं, हे सगळं मी वाचून आले होते आणि तेच सांगायचं होतं. तुमचं म्हणणं, ते खरं, पण ते म्हटलं की माणसं ऐकायचं थांबवतात.

मग कोल्ट्रेन काय करतो ते तुम्ही दाखवलंत. गाण्याची मूळ स्वरसंगती तो एकल वादनासाठी बाजूला ठेवतो. टायनर दोनच ठिकाणी झुलत राहतो, ई मायनर आणि ई मेजर. माझ्या भाषेत, षड्ज तोच, गंधार कधी कोमल, कधी शुद्ध. त्यावर मी घाबरत घाबरत "लेहरा?" (तबल्याच्या साथीला फिरत राहणारी ती एकच धून) असं विचारलं, आणि तुम्ही पहिल्यांदाच मान डोलावलीत. त्या मान डोलावण्याचे आभार वेगळे.

आणि कुत्रा! यादी पुन्हा पुन्हा येते, चावा काही येत नाही. टायनरचं वादन संपलं, कोल्ट्रेन परत आला, मी तुमच्याकडे बघितलं. "अजून चावला नाही," तुम्ही म्हणालात. पावणेचौदा मिनिटांचं वादन, आणि तो तुकडा अगदी शेवटी. बाळबोध म्हणून मी ज्याला हसले, त्याच तुकड्यासाठी मी खुर्चीच्या टोकावर बसले होते.

कार्यक्रमात मी तुमचाच क्रम धरला. आधी नाटकातलं गाणं, दोनदा. लोक चुळबुळले. मग सांगितलं, कुत्रा चावेपर्यंत चहा नाही. एवढं सांगितल्यावर जे कान टवकारले गेले! त्या रेकॉर्डवरची चारही गाणी रंगभूमीवरून आलेली आहेत, या गाण्याशिवाय संगीतकार कोल पोर्टरचं एक, जॉर्ज गर्श्विनची दोन, हेही सांगितलं. त्यावर एक आजोबा म्हणाले, म्हणजे आपली नाट्यगीतं मैफलीत आली तसंच की. मला तुमचा वर केलेला हात दिसला, पण मी त्यांना थांबवलं नाही. क्षमा असावी.

कोल्ट्रेनचं याच गाण्याचं, एप्रिल १९६७मधलं न्यूयॉर्कच्या हार्लेममधलं चौतीस मिनिटांचं वादन मात्र लावलं नाही. त्याच्या मृत्यूआधी जेमतेम तीन महिने, तुम्ही ते डोळे मिटून ऐकता. मला ते अजून झेपत नाही, खोटं कशाला बोलू. पुढच्या खेपेला परत बसू.

दिवसभर फिल्मी स्टुडिओत आणि रात्री हॉटेलात वाजवून ज्यांनी आयुष्य काढलं, त्यांनी माझ्यासारखीला पाच गुरुवार द्यावेत, वर कोकम सरबत, आणि पैशांचं नाव काढलं की बहिरं व्हावं! पाकीट तुमच्या सुनेकडे दिलंय. तिने घेतलं आहे, आता ओरडू नका.

हो, एक राहिलं. शेवटच्या मिनिटाला तो तुकडा आला तेव्हा मागच्या रांगेतून, चहासाठी आलेल्यांतल्याच एक काकू मोठ्याने म्हणाल्या, "चावला गं बाई!"

तुमची,
तिसऱ्या मजल्यावरची